शेरा

जिल्ह्याहून पत्र आलंय. अर्थशास्त्र, धोरण आणि समाज
या विषयांवरच्या शिफारसयोग्य पुस्तकांची यादी,
तीन प्रतींत, शनिवारपर्यंत.
रकाने चार: क्रमांक, नाव, किंमत, शेरा.
शेऱ्याचा रकाना करंगळीएवढा.

देवगडात दुपारी दोनला वाचनालयात मी असते
आणि पंखा. तीनशे तीसचं कपाट खिडकीलगत,
म्हणून त्यातल्या पुस्तकांचे कणे
खाऱ्या वाऱ्याने फिकटलेत,
मागणीवरचं आणि पुरवठ्यावरचं
आता एकाच रंगाचं.

पहिलं काढलं. जाडजूड. एकेचाळिसाव्या पानावर दोन रेषा
एकमेकींना छेदतात, आणि छेदतात तिथे
कुणीतरी पेन्सिलीने बारीक लिहिलंय,
"इथे बर्फवाला उभा असतो."
खोडरबर हातात घेतलं होतं मी, नियमच आहे तसा.
मग आठवलं, मागच्या चैत्रात बर्फाच्या फॅक्टरीची वीज
दोन दिवस गेली होती
आणि सुरमई गेली बांगड्याच्या भावाने.
खोडरबर ड्रॉवरमध्ये.

दुसरं, घरातल्या बिनपगारी कामावरचं.
निवृत्त नायब तहसीलदार परुळेकरांनी नेलं,
चारदा मुदत वाढवून घेतली.
परत आणून दिलं त्यांच्या पत्नीने,
पिशवीत, कोथिंबिरीच्या जुडीखाली.
दंड सात रुपये. तोही बाईंनीच भरला,
सुट्टे मोजून.

धोरणावरचा अहवाल एकदाच बाहेर गेलाय.
नेणाऱ्याच्या जागी सही माझी.
तेराव्या पानावर झोप लागली होती,
हे शेऱ्यात लिहीत नाही.

मग ते सामायिक मालकीचं. म्हणतं,
जे सगळ्यांचं ते कुणाचंच नसतं,
ज्याला जमेल तो ओरबाडतो आणि कुरण संपतं.
त्यात एक वहीचा कागद, घडीवर झिजलेला:
रापणीची वाटणी. होडीचे दोन, जाळ्यांचे सहा,
दोरीला हात लावला त्या प्रत्येकाला एक,
आणि तळाला, वेगळ्या शाईत,
"शाणूचा वाटा त्याच्या घरी. तो यंदा नाही."

एवढ्यावर लेखकाला खोटं पाडावं असं वाटलं.
पण रात्री गच्चीवरून दिसतात परक्या बोटींचे दिवे,
समुद्रावर एखादं शहर वसल्यासारखे,
आणि या वर्षी रापण
दोनदाच ओढली, तीही अर्धी रिकामी.
कागद त्याच पानात परत ठेवला. दोघं राहोत
एकमेकांना चिकटून, भांडत.

बुधवारी लिलाव आटोपून मंदाकिनी कुबल आल्या होत्या.
नळावर कोपरापर्यंत हात धुतले, पदराला पुसले,
मग वर्तमानपत्रात गुंडाळलेलं पुस्तक टेबलावर ठेवलं,
बाजाराचं, भाग पहिला.
सगळं वाचलं का, मी विचारलं. आश्चर्य लपवता आलं नाही,
त्याची अजून लाज वाटते.

"सगळा काय कळूक नाय," म्हणाल्या,
"पण एक कळला. हो माणूस
कधी बाजारात गेल्लो नाय.
गेलो असतो तर भाव कोण करता
तां पयल्याच पानार लिवल्यान असतां."

मी हसले. त्या हसल्या नाहीत.
कपाटाकडे बघत राहिल्या, कणे वाचत, ओठ हलवत.

"दुसरो भाग आसा?
थंय तरी गेलो आसात."

दुसरा भाग आम्ही कधी घेतलाच नाही.
त्या वर्षीच्या अनुदानातून छपराचे कोने आले होते.

आज शनिवार. कार्बन घातला, पेन झटकलं.
क्रमांक: एक.
नाव: तेच, भाग दुसरा.
किंमत: माहीत नाही.
शेरा: संग्रही नाही. वाचक थांबल्या आहेत.